चार विजयांचा हिशेब: एनबीएच्या प्लेऑफ मालिका मैदानात आणि व्हिडिओ गेममध्ये

दरवर्षी एप्रिलच्या मध्यात अमेरिकेतल्या एनबीए या व्यावसायिक बास्केटबॉल लीगची साखळी फेरी संपते आणि प्लेऑफ सुरू होतात. ते जूनच्या तिसऱ्या-चौथ्या आठवड्यापर्यंत चालतात. न्यूयॉर्कच्या घड्याळात रात्री साडेआठला सुरू होणारा सामना आपल्याकडे सकाळी सहाला दिसतो. त्यामुळे इकडचे शौकीन बहुतेक वेळा शाळा-कॉलेजला किंवा कामाला निघताना अर्धाच सामना बघतात. उरलेली ओळख होते ती ‘एनबीए टू-के’ या व्हिडिओ गेममधून. या गेममधली प्लेऑफची रचना खऱ्यासारखीच आहे, त्यात खोट काढण्यासारखं फार नाही. पण मालिका ज्या गोष्टींवर जिंकली किंवा हरली जाते, त्यातल्या बऱ्याच गोष्टी गेममध्ये सेटिंगच्या यादीत असतात आणि बटण दाबून बंद करता येतात. गेमवरून खेळ शिकणाऱ्याची गल्लत होते ती इथेच.

आधी रचना पाहू. लीगमध्ये ३० संघ आहेत. पूर्व आणि पश्चिम अशा दोन कॉन्फरन्समध्ये प्रत्येकी १५. प्रत्येक संघ साखळीत ८२ सामने खेळतो. प्रत्येक कॉन्फरन्समधले पहिले सहा संघ थेट प्लेऑफमध्ये जातात. सातव्या ते दहाव्या क्रमांकाच्या चार संघांना ‘प्ले-इन’ खेळावी लागते. आयपीएलचे क्वालिफायर आणि एलिमिनेटर ज्यांना कळतात त्यांना ही भानगड दोन मिनिटांत कळेल. सातवा आणि आठवा भिडतात, जिंकणारा सातवे मानांकन घेतो. नववा आणि दहावा भिडतात, हरणारा घरी जातो. मग पहिल्या सामन्यात हरलेला आणि दुसऱ्यात जिंकलेला हे दोघे आठव्या जागेसाठी खेळतात. म्हणजे वरच्या दोघांना चुकायची एक संधी, खालच्या दोघांना एकही नाही. ही पद्धत सध्याच्या रूपात २०२१ पासून आहे.

त्यानंतर प्रत्येक कॉन्फरन्समध्ये पहिला विरुद्ध आठवा, दुसरा विरुद्ध सातवा, तिसरा विरुद्ध सहावा, चौथा विरुद्ध पाचवा अशा जोड्या लागतात. एकूण चार फेऱ्या. प्रत्येक फेरी सात सामन्यांची आणि जो आधी चार जिंकेल तो पुढे. विजेतेपदासाठी १६ विजय लागतात. सगळ्या मालिका शेवटपर्यंत ताणल्या तर २८ सामने खेळावे लागतात. एक बारकावा लक्षात ठेवायला हवा. प्रत्येक फेरीनंतर नव्याने जोड्या लावत नाहीत, तक्ता आधीच ठरलेला असतो. पहिल्या मानांकनाचा संघ जिंकला की त्याची गाठ चौथ्या-पाचव्यातल्या विजेत्याशीच पडणार, मग दुसऱ्या बाजूला कितीही उलथापालथ होवो.

सातच सामने कशाला?

एका सामन्यात कोणीही कोणालाही हरवू शकतो, हे सगळे जाणतात. त्याचा हिशेब मांडला तर चित्र असं दिसतं. समजा एक संघ दुसऱ्यापेक्षा इतका सरस आहे की दर १०० सामन्यांत तो ६० जिंकेल. एकाच सामन्यावर निकाल ठेवला तर त्याची पुढे जाण्याची शक्यता अर्थातच ६० टक्के. तीन सामन्यांची मालिका ठेवली तर ती साधारण ६५ टक्के होते, पाचांची ठेवली तर ६८ आणि सातांची ठेवली तर ७१. म्हणजे मालिका लांबवली की नशिबाचा वाटा घटतो आणि दर्जाचा वाढतो. तरीही सात सामन्यांनंतर शंभरात २९ वेळा कमी दर्जाचा संघ निघून जातोच. तेवढी धाकधूक नसती तर कोणी सकाळी सहाला उठलं नसतं.

पहिली फेरी कायम सातांची नव्हती. १९८४ पासून २००२ पर्यंत ती पाच सामन्यांची होती, २००३ पासून सातांची झाली. याचा फरक पडतो. १९९४ मध्ये आठव्या मानांकनाच्या डेन्व्हरने पहिल्या क्रमांकाच्या सिॲटलला पाच सामन्यांच्या मालिकेत हरवलं, तेही पहिले दोन सामने गमावून. आठव्याने पहिल्याला नमवण्याची ती पहिलीच वेळ. सामना संपल्यावर चेंडू दोन्ही हातांत धरून जमिनीवर आडवा पडलेला डिकेम्बे मुटोम्बो हे बास्केटबॉलमधलं एक गाजलेलं छायाचित्र आहे. पुढच्याच फेरीत हाच डेन्व्हर संघ युटाविरुद्ध तीन सामने हरला, मग तीन सलग जिंकला आणि सातवा हरला.

०-३ अशा पिछाडीवरून मालिका जिंकलेला एकही संघ एनबीएच्या इतिहासात नाही. दीडशेहून अधिक संघांवर ही पाळी आली. त्यातले फक्त चार सातव्या सामन्यापर्यंत पोहोचले: १९५१ मध्ये न्यूयॉर्क, १९९४ मध्ये डेन्व्हर, २००३ मध्ये पोर्टलँड आणि २०२३ मध्ये बोस्टन. चौघेही तिथे हरले. नुसता छापा-काटा असता तर सलग चार सामने जिंकण्याची शक्यता सोळात एक, म्हणजे दीडशेत नऊ-दहा संघ तरी सुटले असते. एकही सुटला नाही याचं कारण नशीब नव्हे. पहिले तीन हरलेला संघ बहुतेक वेळा खरोखरच उणा असतो, आणि चार दिवसांत तो बरा होत नाही.

घरचं मैदान आणि सॅक्रामेंटोचा धडा

साखळीत ज्याची कामगिरी चांगली, त्याला ‘होम कोर्ट’ मिळतो. पहिले दोन सामने त्याच्या घरी, पुढचे दोन परक्या गावी, मग एक इकडे, एक तिकडे आणि सातवा पुन्हा त्याच्या घरी. अंतिम फेरीत मात्र १९८५ ते २०१३ या काळात दोन-तीन-दोन अशी विभागणी होती. बोस्टन ते लॉस एंजेलिस म्हणजे खंडाची दोन टोकं, तेव्हा विमानाच्या फेऱ्या कमी व्हाव्यात हा हेतू. २०१४ पासून अंतिम फेरीही बाकीच्यांसारखीच झाली.

घरच्या मैदानाचं मोल किती आणि त्याची मर्यादा कुठे, हे पाहायला २०२३ ची सॅक्रामेंटो किंग्ज विरुद्ध गोल्डन स्टेट वॉरियर्स ही पहिल्या फेरीची मालिका फार चांगली आहे. किंग्जचे प्रमुख मालक विवेक रणदिवे मुंबईत जन्मलेले. त्यांच्या गटाने २०१३ मध्ये हा संघ घेतला, आणि २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये वरळीत एनबीएचे भारतातले पहिले सामने झाले ते किंग्ज आणि इंडियाना पेसर्स यांच्यातच. त्या संघाने सलग १६ हंगाम प्लेऑफ पाहिले नव्हते. लीगच्या इतिहासात एवढा मोठा दुष्काळ दुसऱ्या कुठल्या संघाने सोसलेला नाही. २०२३ मध्ये किंग्जनी ४८ विजयांसह तिसरं मानांकन मिळवलं. वॉरियर्स ४४ विजयांसह सहावे, आणि परक्या मैदानावर त्यांची दैना होती: ४१ पैकी फक्त ११ विजय.

पहिले चारही सामने यजमानांनी जिंकले. चौथ्यात तर वॉरियर्स १२६-१२५ असे एका गुणाने वाचले. त्याच सामन्यात किंग्जचा मुख्य खेळाडू डीआरन फॉक्स याच्या नेमबाजीच्या हाताचं बोट मोडलं. तो पुढचे तिन्ही सामने तसाच खेळला. आणि मग उलटं झालं. पाचवा वॉरियर्सनी सॅक्रामेंटोत जिंकला, सहावा किंग्जनी सॅन फ्रान्सिस्कोत, आणि सातवा पुन्हा वॉरियर्सनी सॅक्रामेंटोत, १२०-१०० असा. स्टीफन करीने त्या दिवशी एकट्याने ५० गुण केले. सातव्या सामन्यातला तो विक्रम होता, जो दोन आठवड्यांत बोस्टनच्या जेसन टेटमने ५१ करून मोडला. ८२ सामने घाम गाळून किंग्जनी जे कमावलं होतं, ते म्हणजे हा सातवा सामना आपल्या लोकांसमोर. तो मिळाला आणि वीस गुणांनी गेला.

सॅक्रामेंटोच्या लोकांच्या मनात याहून जुनी जखम आहे. २००२ मध्ये कॉन्फरन्सच्या अंतिम फेरीत लॉस एंजेलिस लेकर्सविरुद्ध किंग्ज ३-२ असे पुढे होते. सहाव्या सामन्याच्या शेवटच्या क्वार्टरमध्ये लेकर्सना २७ फ्री-थ्रो मिळाले आणि त्यांनी तो सामना १०६-१०२ असा जिंकला. सातवा ओव्हरटाइममध्ये गेला, तोही लेकर्सनी घेतला. सट्टेबाजीत दोषी ठरलेल्या एका माजी पंचाने २००८ मध्ये या सहाव्या सामन्याबद्दल आरोप केले, लीगने ते फेटाळले. मालिका लांबली की तिकिटं आणि टीव्हीचा धंदा वाढतो, हे खरं असल्याने असा संशय दरवर्षी कुठे ना कुठे उठतोच. पैशाची एक बाजू मात्र अनेकांना माहीत नसते. खेळाडूंचा पगार साखळी फेरीचा असतो. प्लेऑफसाठी लीग वेगळी रक्कम बाजूला काढते आणि संघ कुठवर पोहोचला त्यानुसार ती वाटली जाते. मोठ्या खेळाडूच्या पगारापुढे हा वाटा किरकोळच. म्हणजे सर्वांत जास्त जीव तोडून ते खेळतात ते जवळपास फुकटात, असं म्हटलं तरी चालेल.

एकाच संघाशी पुन्हा पुन्हा

साखळीत आज हा संघ तर परवा दुसरा. मालिकेत दोन आठवडे समोर तेच चेहरे. त्यामुळे पहिल्या सामन्यात चाललेली चाल तिसऱ्यात चालत नाही. २०१५ च्या अंतिम फेरीत वॉरियर्स क्लीव्हलँडविरुद्ध १-२ असे मागे पडले. प्रशिक्षक स्टीव्ह कर यांनी चौथ्या सामन्यात उंचापुऱ्या अँड्र्यू बोगटला बसवून आंद्रे इग्वोडालाला सुरुवातीपासून उतरवलं. बुटका पण वेगवान संघ. ही कल्पना कर यांच्या हाताखालच्या एका तरुण सहायकाने जुन्या सामन्यांचे व्हिडिओ पाहून सुचवली होती. पुढचे तिन्ही सामने वॉरियर्सनी जिंकले आणि मालिकेतला सर्वोत्तम खेळाडू इग्वोडाला ठरला.

शिस्तीचा हिशेबही सामन्यागणिक साठत जातो. धोकादायक फाउलला, ज्याला फ्लॅग्रंट म्हणतात, एक किंवा दोन दंडगुण मिळतात. प्लेऑफमध्ये ते तीनच्या वर गेले की पुढच्या सामन्याला बंदी. २०१६ मध्ये साखळीत ७३ विजयांचा विक्रम करून आलेले वॉरियर्स अंतिम फेरीत क्लीव्हलँडविरुद्ध ३-१ असे पुढे होते. पाचव्या सामन्याला ड्रेमंड ग्रीन या बंदीमुळे बाहेर बसला. क्लीव्हलँडने तो जिंकला, सहावा जिंकला, आणि सातवाही ९३-८९ असा. अंतिम फेरीत १-३ वरून उलटलेली ती आजवरची एकमेव मालिका.

गेममध्ये काय होतं

प्लेऑफवर बेतलेले गेम जुनेच आहेत. इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने १९८९ मध्ये ‘लेकर्स व्हर्सेस सेल्टिक्स अँड द एनबीए प्लेऑफ्स’ काढला. १९९३ चा ‘एनबीए जॅम’ हा दोघा-दोघांचा आर्केड गेम सर्वांत गाजला. त्याचे मुख्य निर्माते मार्क टर्मेल डेट्रॉइटचे चाहते. शिकागोने डेट्रॉइटविरुद्ध अटीतटीच्या शेवटच्या क्षणी टाकलेले बास्केट चुकावेत अशी तजवीज त्यांनी गेममध्ये केली होती, हे त्यांनीच पुढे सांगितलं. पंचांवरचा संशय खरा ठरलेली ही एक जागा म्हणायची.

‘टू-के’ मालिका १९९९ मध्ये सुरू झाली. तिच्यात मानांकन, तक्ता, घरचं मैदान सगळं नीट आहे. पण प्रत्येक फेरी एक, तीन, पाच की सात सामन्यांची, हे खेळणारा ठरवतो. क्वार्टरही १२ मिनिटांऐवजी पाच मिनिटांचा ठेवतात. यात वेळ वाचतो, पण वरचा हिशेब बदलतो. चेंडू कमी वेळा हातात येतो, म्हणून नशिबाचा वाटा पुन्हा वाढतो. सहा फाउल होऊन कोणी बाहेर जात नाही. मुख्य पाच खेळाडू दमत नाहीत, म्हणून राखीव बाकावरचे नावापुरतेच. दुखापत बंद ठेवता येते. कंटाळा आला तर ‘सिम्युलेट’ दाबून दोन सामने संगणकाकडून उरकून घेता येतात. आणि एकट्याने खेळताना हरलेला सामना सेव्ह न करता पुन्हा मांडता येतो, तिथे तर ०-३ चा इतिहास रोजच मोडला जातो.

खऱ्या मैदानात ही सोय नाही. २०२५ च्या अंतिम फेरीत इंडियानाचा टायरीस हॅलिबर्टन पोटरी दुखत असतानाही खेळत राहिला. हा तोच खेळाडू, ज्याला २०२२ मध्ये सॅक्रामेंटोने इंडियानाकडे पाठवलं होतं. सातव्या सामन्याच्या पहिल्याच क्वार्टरमध्ये त्याची टाचेची शीर तुटली. ओक्लाहोमा सिटीने सामना १०३-९१ आणि मालिका ४-३ अशी जिंकली. हॅलिबर्टनचा पुढचा अख्खा हंगाम गेला.

ज्याला गेममध्ये खरी मालिका अनुभवायची आहे, त्याने सगळ्या फेऱ्या सातांच्या ठेवाव्यात, क्वार्टर १२ मिनिटांचा करावा, थकवा आणि दुखापत चालू ठेवावी, सिम्युलेटला हात लावू नये. एकही सामना न हरता विजेतेपद मिळवलं तरी १६ सामन्यांची नुसती घड्याळाची वेळच ७६८ मिनिटं, म्हणजे जवळपास १३ तास होते. सगळ्या मालिका सातव्यापर्यंत गेल्या तर साडेबावीस तासांच्या आसपास. त्यात टाइमआउट, फ्री-थ्रो आणि दोन क्वार्टरमधली विश्रांती धरलेली नाही.