परिषदेचें दालन आणि सिन्नरची ओसरी

दुसऱ्या महायुद्धानंतरच्या अर्थकारणाचा इतिहास लिहितांना परिषदा व कायदे यांची नोंद सहज होते. परंतु त्या चर्चेंत कोणाचें गाऱ्हाणें पोहोंचलें, हा प्रश्न बहुधा मागें राहतो. आम्हांस तो नाशिक जिल्ह्यापुरता येथें विचारावयाचा आहे.

युद्ध संपलें तरी महागाई, टंचाई व संप यांनीं जग गांजलेंच होतें. अमेरिकेंत पत्रकारांनीं पुढाऱ्यास प्रश्न विचारावे व लोकांनीं तें घरबसल्या पाहावें, असा 'मीट द प्रेस' हा कार्यक्रम नोव्हेंबर १९४७ मध्यें दूरचित्रवाणीवर सुरू झाला. आपल्याकडे हें साधन दिल्लीस १९५९ सालीं व मुंबईस १९७२ सालीं आलें. तोंवर आपली चर्चा परिषदेच्या दालनांतच होई. अशाच एका परिषदेंत, डिसेंबर १९४७ मध्यें, सरकार, मालक व मजूर यांच्या संमतीनें दिल्लीस तीन वर्षांच्या औद्योगिक शांततेचा ठराव झाला.

परंतु मजूर म्हणजे कोण? नाशिक रोडच्या सरकारी छापखान्यांतील कामगारास हजेरीपट होता, चार सोबत्यांसह जमावयास जागा होती. तेथून कांहीं कोसांवर, सिन्नरास, ओसरीवर बसून विड्या वळणाऱ्या बाईस यांतलें कांहींच नव्हतें. तिची मजुरी हजार विड्यांवर ठरे. मालक व ती यांच्यामध्यें ठेकेदार असे. आणि 'छाट' म्हणून बाजूस काढलेल्या विड्यांचे पैसे बहुधा तिच्या हातीं येत नसत.

१९४८ च्या किमान वेतन कायद्याच्या परिशिष्टांत विडीचा धंदा आला खरा. पण त्याच वर्षींचा कारखाना कायदा घराच्या उंबरठ्याशीं थांबला. १९५८ सालीं, मध्य प्रदेशांतील एका खटल्यांत, सट्टेदार व त्यांनीं लावलेले मजूर हे कारखान्याचे कामगार नव्हेत, असें सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें. १९६६ च्या विडी व सिगार कामगार कायद्यानें मात्र घरीं वळणारीसहि कामगार मानलें व छाटीच्या तंट्यास दाद मागण्याची वाट दिली. मालकांनीं त्यास आव्हान दिलें. १९७४ सालीं सर्वोच्च न्यायालयानें कायदा वैध ठरविला.

ठरावापासून या निकालापर्यंत सव्वीस वर्षें लोटलीं. चर्चा दालनांत होवो वा पडद्यावर, जे एकत्र जमूं शकतात त्यांचेंच म्हणणें प्रथम ऐकूं येतें. म्हणून त्या काळचे ठराव वाचतांना त्यांखालील सह्यांबरोबरच ओसरीवरील तें सूपहि वाचकांनीं डोळ्यांपुढें ठेवावें, एवढेंच आमचें सांगणें आहे.