मराठी सातवी आणि धाराशिवचे विद्यार्थी

परीक्षेची भीति प्रश्नपत्रिकेंत नसते. परीक्षेच्या पलीकडे जें दार असतें, त्याच्या अरुंदपणांत ती असते. ब्रिटिश अमदानींत मुंबई इलाख्यांतील प्राथमिक शिक्षणाच्या अखेरीस ‘व्हर्नाक्युलर फायनल’ नांवाची परीक्षा होत असे. लोकांनीं तिचें नांव साधेंच ठेविलें होतें : मराठी सातवी. तींत उत्तीर्ण झालेल्या मुलास प्राथमिक शिक्षकाच्या किंवा तलाठ्याच्या नोकरीची आशा असे. शेतकऱ्याच्या घरीं पगाराचा रुपया येण्याच्या वाटा थोड्या. म्हणून पोराच्या निकालाकडे सगळ्या घराचे डोळे लागून राहात.

बार्शी तालुका या इलाख्यांत मोडत असे. तेथून पूर्वेस शीव ओलांडली, कीं निजामाचें राज्य लागे. धाराशिव, म्हणजे तेव्हांचें उस्मानाबाद, हा त्या राज्याचा जिल्हा. येथें दडपण दुहेरी होतें. घरची भाषा मराठी. परंतु माध्यमिक शिक्षणाची व राज्यकारभाराची भाषा उर्दू. १९१८ सालीं स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठानेंही उर्दूचाच अंगीकार केला. गणितांत तल्लख असलेला मुलगाही मग घरांत न बोलल्या जाणाऱ्या भाषेच्या उंबरठ्यावर अडखळे.

याच जिल्ह्यांत हिप्परगा येथें १९२१ सालीं राष्ट्रीय शाळा निघाली. पुढें स्वामी रामानंद तीर्थ यांनीं तेथें मुख्याध्यापकाचें काम केलें. सरकारी चाकरीपलीकडेही शिक्षणाला कांहीं हेतु असतो, हें या शाळेनें दाखविलें. मात्र चाकरीचें दार उघडणें तिच्या हातीं नव्हतें.

१७ सप्टेंबर १९४८ रोजीं हैदराबाद संस्थान मुक्त झालें. १९५६ सालीं हा जिल्हा मुंबई राज्यांत आला. भाषेचा अडसर निघाला, परीक्षेचा राहिला. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्यानें आठवीपर्यंत कोणासही त्याच वर्गांत मागें ठेवण्यास मनाई केली. २०१९ च्या दुरुस्तीनें राज्यांस याबाबत मोकळीक मिळाली, आणि २०२३ सालीं महाराष्ट्रानें पांचवी व आठवीस वार्षिक परीक्षा पुन्हां आणिली. नापास झालेल्यांसाठीं पुनर्परीक्षेची सोयही ठेविली.

मराठी सातवींत नापास झालेला मुलगा बहुधा औताकडे परत जाई, आणि त्याची शाळेला आठवणही उरत नसे. आज प्राथमिक शिक्षण पुरें होईपर्यंत कायद्यानें त्यास शाळेंतून काढतां येत नाहीं. मागें राहिलेल्या मुलास त्या जादा वर्षांत कोण शिकवितो व कसें शिकवितो, यावरच नव्या परीक्षेची योग्यता ठरावयाची आहे.