पार्टीत न आलेला कवी

सभ्य समाजात सत्ता कशी चालते? तिथं कुणी हात उगारत नाही. कुणाला बोलवायचं, कुणाला कोपऱ्यात उभं ठेवायचं, कुणाची कविता अर्ध्यावरच 'वा, वा' म्हणून संपवायची, यावर सारं ठरतं. मराठीत लिहिणारा मुसलमान म्हणून मला मैफलीत दाद मिळते, "तुमचं मराठी किती छान!" ही दाद पाहुण्याला द्यायची असते, घरच्याला नव्हे.

हा डाव उघडा केला तो विदर्भातल्याच एका लेखकानं. महेश एलकुंचवार यांच्या 'पार्टी' या नाटकावर गोविंद निहलानी यांनी १९८४ साली त्याच नावाचा हिंदी चित्रपट केला. गोष्ट जवळजवळ सगळी एका रात्रीची, एका घरातली. दमयंती राणे, म्हणजे विजया मेहता, यांच्याकडे पारितोषिक मिळालेल्या नाटककार बर्वे यांच्यासाठी मेजवानी आहे. बर्वे झाले आहेत मनोहर सिंग. त्यांच्या मोहिनीच्या भूमिकेसाठी रोहिणी हट्टंगडी यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. हातात पेले, तोंडी क्रांती आणि डोळा एकमेकांच्या जागेवर!

सगळ्यांच्या बोलण्यात मात्र एक गैरहजर माणूस आहे, अमृत. हा कवी सारं सोडून आदिवासींच्या लढ्यात गेला आहे. तो पार्टीला येत नाही. येते ती त्याच्या मरणाची बातमी.

आमच्या जंगलपट्टीत हा चित्रपट वेगळाच दिसतो. २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूरमधून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला. पुढं इंचमपल्ली आणि भोपालपट्टणम् धरणांच्या बेतांविरुद्ध इथले आदिवासी बाबा आमटे यांच्यासोबत उभे राहिले. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावानं तर जाहीरच केलं : 'दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार.' २००६ च्या वनहक्क कायद्याखाली २००९ मध्ये या गावाला सामूहिक वनहक्क मिळाला. तिथली ग्रामसभा बहुमतानं नव्हे, सर्वसहमतीनं ठरवते. एकाचाही विरोध असेल तर पुन्हा बोलायचं.

'पार्टी'तल्या दिवाणखान्यात आदिवासींवर चर्चा होते, आदिवासी मात्र तिथं नाहीत. त्यांच्या वतीनं एक कवी मरतो आणि बाकीच्यांना दचकवतो. मेंढ्याच्या माणसांनी अशा कवीची वाट पाहिली नाही. ती स्वतःच बोलली. आम्हा लिहिणाऱ्यांनी यातून एवढं घ्यावं : दुसऱ्याच्या वतीनं बोलण्याआधी तो काय बोलतो आहे, ते पुरतं ऐकावं.