शिंगावरचं कोरीवकाम

ऑपरेशन थिएटरमधून बाहेर आल्या आल्या भाची म्हणाली, "मामा, केस जळल्यासारखा वास आला रे." डोळ्यांवर भोकं असलेल्या प्लॅस्टिकच्या पारदर्शक वाट्या चिकटवलेल्या, त्यांच्या खालून पाणी वाहतंय, आणि हिला पडलंय वासाचं. ताईचा चेहरा उतरला. आत काही भाजलंबिजलं की काय!

भाजलं काहीच नव्हतं. दोन्ही डोळ्यांचं मिळून वीसेक मिनिटांत आटोपलं, त्यातही नंबर घालवणारा लेझर एकेका डोळ्यावर अर्धा मिनिटसुद्धा चालला नाही. न जळता कापता येतं, या एका गोष्टीवरच ही सगळी शस्त्रक्रिया उभी आहे. आणि ती गोष्ट कळली एका सणाच्या उरलेल्या जेवणामुळे. पण त्याआधी नावाकडे जाऊ, कारण या घराण्याची वंशावळ नावातच दडलेली आहे.

लॅसिक म्हणजे 'लेझर असिस्टेड इन सिटू केराटोमिल्युसिस'. शेवटचा शब्द ग्रीक. त्यातला 'केरास' म्हणजे शिंग. डोळ्याच्या पुढच्या पारदर्शक पडद्याला जुन्या शरीरशास्त्रज्ञांनी शिंगाच्या पातळ, अर्धपारदर्शक कापाची उपमा दिली. 'कॉर्निया' हे नावही लॅटिनमधल्या शिंगावरूनच आलेलं. 'स्मिल्युसिस' म्हणजे कोरणं. 'इन सिटू' हे लॅटिन, म्हणजे जागच्या जागी. लेझर तर आद्याक्षरं जोडून केलेला इंग्रजी शब्द. सगळं मिळून झालं, लेझरच्या मदतीने जागच्या जागी केलेलं शिंगावरचं कोरीवकाम. हे नाव शेवटाकडून वाचत आलं की इतिहास सुरुवातीपासून समोर येतो.

डोळ्यांच्या शस्त्रक्रियेवर लिहायचं तर आपल्याकडे सुश्रुतापासून सुरुवात करायची रीत आहे. ती मी मोडतो. सुश्रुताचं काम मोतीबिंदूवरचं, म्हणजे आतल्या भिंगाचं. नंबराची गोष्ट बाहेरच्या काचेची आहे. डोळ्यात शिरणारा प्रकाश वळवण्याचं सुमारे दोन तृतीयांश काम एकटा कॉर्निया करतो. जाडी मध्यभागी जेमतेम अर्धा मिलिमीटर. त्याची वक्रता जराशी सपाट केली की मायनस नंबर उतरतो. हे कागदावर मांडणं सोपं. पण जिवंत माणसाच्या डोळ्यावर रंधा मारायचा कसा?

शब्दशः रंधाच. बार्सिलोनाच्या नामांकित नेत्रवैद्यांच्या घराण्यातले होसे इग्नासिओ बाराकेर कोलंबियात, बोगोटाला जाऊन स्थायिक झाले. 1949 साली त्यांनी कॉर्नियाचा आकार बदलून नंबर घालवण्याची कल्पना मांडली आणि पुढची वर्षं ती प्रत्यक्षात आणण्यात घालवली. सुताराच्या रंध्यासारखं चालणारं एक बारीक यंत्र त्यांनी बनवलं. त्याने कॉर्नियाचा वरचा थर चकतीसारखा काढायचा, ती चकती गोठवून कडक करायची, कॉन्टॅक्ट लेन्स घडवण्याच्या लेथवर लावून कातायची, मग वितळू देऊन पुन्हा त्याच डोळ्यावर टाक्यांनी शिवायची. हे केराटोमिल्युसिस. पेशंट टेबलावर आणि त्याच्या डोळ्याचा तुकडा शेजारच्या लेथवर! वाचताना अंगावर काटा येतो, पण कल्पनेला सलाम करावा लागतो. पुढे बोगोटातच लुइस रुइझ यांनी चकती बाहेर न नेता, तिच्याखालचा थर डोळ्यावरच कापायला घेतला. 'इन सिटू' आलं ते असं.

नावात न आलेली एक चुलत शाखाही आहे, आणि तिची कर्मकहाणी ऐकण्यासारखी आहे. जपानमध्ये त्सुतोमू साटो यांनी कॉर्नियाला आतल्या बाजूने बारीक चिरा देऊन तो सपाट करायचा प्रयत्न केला. नंबर उतरले. मग काही वर्षांनी, कुणाकुणाच्या बाबतीत वीस वर्षांनी, त्या रुग्णांचे कॉर्निया सुजून धुरकट होऊ लागले. कॉर्नियाच्या आतल्या अंगाला पेशींचा एकच थर असतो. तो रात्रंदिवस पाणी बाहेर उपसून कॉर्निया पारदर्शक ठेवतो, आणि त्या पेशी एकदा गेल्या की पुन्हा भरून येत नाहीत. चिरा नेमक्या त्याच थरावर पडल्या होत्या.

मॉस्कोत स्व्यातोस्लाव फ्योदोरोव्ह यांनी 1970च्या दशकात चिरा बाहेरच्या बाजूने घेतल्या, चाकाच्या आऱ्यांसारख्या. चष्मा फुटून काच डोळ्यात गेलेल्या एका मुलाची जखम भरली, तेव्हा त्याचा नंबरही कमी झालेला दिसला, ही त्यामागची नेहमी सांगितली जाणारी गोष्ट. फ्योदोरोव्ह हे अफाट प्रकरण. टेबलं कारखान्यातल्या पट्ट्यासारखी पुढे सरकतायत आणि प्रत्येक सर्जन ठरलेला एकच टप्पा करतोय, अशी त्यांची व्यवस्था होती. 1996 साली ते रशियाच्या अध्यक्षपदाच्या निवडणुकीलाही उभे राहिले. पण खोल चिरा दिलेला कॉर्निया कायमचा कमजोर होतो. अमेरिकेतल्या मोठ्या अभ्यासात दहा वर्षांनी 43 टक्के डोळे एक नंबर किंवा त्याहून जास्त प्लसकडे सरकलेले आढळले. त्याच 1996 साली एव्हरेस्टवर बेक वेदर्स या टेक्सासच्या डॉक्टरांना शिखराच्या वाटेवर अचानक दिसेनासं झालं. त्यांची हीच शस्त्रक्रिया झालेली होती, आणि उंचीवरच्या विरळ हवेत त्यांच्या कॉर्नियाचा आकार बदलला होता. पुढे वादळात सापडून ते मरता मरता वाचले.

आता ते उरलेलं जेवण. 27 नोव्हेंबर 1981, थँक्सगिव्हिंगच्या दुसऱ्या दिवशीचा शुक्रवार. न्यूयॉर्क राज्यात यॉर्कटाउन हाइट्सला आयबीएमची संशोधन प्रयोगशाळा. मद्रास विद्यापीठात शिकून अमेरिकेत गेलेले रसायनशास्त्रज्ञ रंगस्वामी श्रीनिवासन आदल्या रात्रीच्या जेवणातला टर्कीचा तुकडा घेऊन कामावर आले. हाड, कूर्चा, सगळं शिजलेलं. त्यांच्याकडे 193 नॅनोमीटर तरंगलांबीचा एक्सायमर लेझर होता. या जातीच्या लेझरचा जन्म 1970 साली मॉस्कोच्या लेबेदेव्ह संस्थेतला. श्रीनिवासन, जेम्स विन आणि सॅम्युअल ब्लम यांनी प्लॅस्टिकवर त्याचे प्रयोग केलेलेच होते. प्रश्न होता तो मांसावर काय करतो हा. त्यांनी टर्कीवर तो रोखला. कडा अशी स्वच्छ की जणू कुणी कोरून काढलीय. ताडून पाहायला हिरव्या प्रकाशाचा दुसरा लेझर चालवला, तर तिथे करपून काळं झालं.

फरक उष्णतेचा आहे. या अतिनील प्रकाशाचा एकेक कण इतका जोरकस असतो की तो रेणूंची बंधनंच तोडतो. तुटलेले तुकडे उडून जातात आणि उष्णता खाली उतरायच्या आत सगळं संपलेलं असतं. एका झटक्यात सुमारे पाव मायक्रॉन थर निघतो. या मंडळींनी नंतर माणसाच्या एका केसावर चौकोनी खाचा पाडून फोटो काढला, तो जगभर छापला गेला. (याच तरंगलांबीचा प्रकाश वापरून आपल्या फोनमधल्या चिप्सही छापतात.) भाचीला आलेला वास त्या उडालेल्या तुकड्यांचा. केस जळल्यासारखा वाटतो, पण जळत काही नाही. हे सांगितल्यावर ताईच्या जिवात जीव आला.

आयबीएमला डोळ्यांशी देणंघेणं नव्हतं. कोलंबिया विद्यापीठातले नेत्रतज्ज्ञ स्टीफन ट्रोकेल यांनी श्रीनिवासन यांच्याबरोबर गाईगुरांच्या डोळ्यांवर प्रयोग केले आणि डिसेंबर 1983 मध्ये शोधनिबंध आला. 1988 साली मार्गरीट मॅक्डोनल्ड यांनी चांगली नजर असलेल्या डोळ्यावर पहिल्यांदा हा लेझर चालवला. पेशंट एक बाई होत्या. कॅन्सरमुळे तो डोळा काढावाच लागणार होता. काढण्याआधी त्यावर काय शिकायचं ते शिका, असं त्यांनी स्वतःहून सांगितलं. इतक्या सगळ्या प्राध्यापकांमध्ये मला या बाईंचं ऋण सर्वांत मोठं वाटतं.

तोवर कॉर्नियाचा वरचा, त्वचेसारखा थर काढूनच लेझर चालवायचे, आणि तो थर पुन्हा भरून येईपर्यंत चार-पाच दिवस डोळा ठणकायचा. ही पद्धत, पीआरके, आजही पातळ कॉर्नियासाठी किंवा मार लागण्याची शक्यता असलेल्या पेशातल्या लोकांसाठी वापरतात. ग्रीसच्या क्रीट बेटावरच्या योआनिस पालिकारिस यांनी 1990च्या सुमाराला दोन घराण्यांचं लग्न लावलं. बाराकेरच्या रंध्याने वरचा पापुद्रा काढायचा, पण पूर्ण नाही. पुस्तकाचं पान उलटावं तसा एका बाजूने जोडलेला ठेवायचा, खाली लेझर चालवायचा आणि पान मिटायचं. लॅसिक हे नाव त्यांनीच दिलं.

रंध्याची जागाही पुढे प्रकाशानेच घेतली, ती एका अपघातामुळे. 1993 साली मिशिगन विद्यापीठात जेरार मुरू यांच्या प्रयोगशाळेत आरसा जुळवताना एका विद्यार्थ्याने सुरक्षेचा चष्मा जरासा वर केला आणि फेम्टोसेकंद लेझरचा झोत त्याच्या डोळ्यात गेला. तपासणाऱ्या तरुण डॉक्टरला, रॉन कुर्त्झ यांना, दृष्टिपटलावरच्या जखमा विलक्षण नेमक्या दिसल्या. आजूबाजूला काही भाजलेलं नव्हतं. डॉक्टरांनी विचारलं, हा लेझर कुठला? त्या प्रश्नातून पापुद्रा काढणारं यंत्र निघालं. तिकिटांच्या पानावर भोकांची रांग असते तसे हजारो सूक्ष्म बुडबुडे ते कॉर्नियाच्या आत एकाशेजारी एक उमटवतं. मुरू यांना ज्या तंत्रासाठी 2018 साली डोना स्ट्रिकलंड यांच्यासोबत नोबेल मिळालं, त्याच तंत्रावर हा लेझर चालतो. चष्मा काढल्यामुळे झालेल्या अपघातातून चष्मा काढण्याचं यंत्र! याच लेझरने आतली चकती छोट्या छेदातून ओढून काढायची स्माइल पद्धत नंतर जर्मनीत निघाली; तिच्या सुरुवातीच्या निकालांत वडोदऱ्याच्या डॉक्टरांचेही आहेत.

भाचीचं पापुद्र्याचं लॅसिक. आधी दोन आठवडे कॉन्टॅक्ट लेन्स बंद, मग तपासण्यांचा दिवस. आमच्या शेजारी बसलेल्या एका मुलाला तिथूनच परत पाठवलं. त्याचा कॉर्निया एका जागी पातळ होऊन शंकूसारखा पुढे येऊ लागला होता. अशा डोळ्याला आणखी पातळ करायचं नसतं. बिचारा हिरमुसला, पण चिरांच्या कमजोरीतून शिकलेला धडाच त्याच्या कामी आला. डॉक्टर मॅडमनी भाचीचा हिशेब कागदावर मांडून दाखवला. जाडी 545 मायक्रॉन. पापुद्रा 110. साडेचार नंबरासाठी दर नंबराला 12 ते 15, म्हणजे साधारण 60. खाली उरले 375, 300 पुरेत. साडेचार नंबरासाठी जेमतेम एका केसाच्या जाडीएवढं शिंग कोरायचं होतं.

आत सुन्न करणारे थेंब, पापण्या उघड्या ठेवणारा चिमटा, मग डोळ्यावर कडं बसून दाब आला. "काही सेकंद सगळं अंधारून येतं, घाबरायचं नाही," असं मॅडमनी आधीच सांगून ठेवलं होतं. मग लुकलुकणाऱ्या दिव्याकडे बघायचं, टकटक आवाज, तो वास, संपलं. टाका एकही नाही. आतला पेशींचा थर पाणी ओढत राहतो आणि पापुद्रा त्या ओढीनेच जागच्या जागी बसतो. साटोंच्या चिरांनी जो थर गेला, तोच हा.

घरी आल्यावर पाच-सहा तास कांदा चिरत बसल्यासारखी आग आणि पाणी. पडदे ओढून झोपवलं. दुसऱ्या दिवशी सकाळी स्वयंपाकघराच्या दारातूनच तिने भिंतीवरच्या कॅलेंडरवरची चतुर्थी वाचली आणि ताईला रडू फुटलं. पण इथेच माणसं फसतात. दिसायला लागलं म्हणजे भरून आलं असं नाही. पापुद्रा काढताना कॉर्नियातल्या नसा कापल्या जातात, म्हणून डोळ्याला कोरडं पडल्याचं कळत नाही आणि अश्रू कमी येतात. तीन ते सहा महिने कृत्रिम अश्रूंचे थेंब सुटत नाहीत. रात्री समोरच्या गाड्यांच्या दिव्यांभोवती वलयं दिसतात, हळूहळू विरतात. थोड्या जणांची रेंगाळतात. डोळे चोळायचे नाहीत, झोपताना त्या वाट्या लावायच्या, काही दिवस केस पार्लरमध्ये मान मागे टाकून धुवायचे, महिनाभर पोहणं बंद. गणपती तोंडावर होते. मॅडमनी विसर्जन मिरवणुकीला साफ नाही म्हटलं. "गुलाल डोळ्यात गेला की चोळणारच तू." भाचीने गॅलरीतून मिरवणूक बघितली, लांबच्या ढोलावरचं पथकाचं नाव मोठ्याने वाचत.

"मामा, तुझी चाळिशी पण घालव ना," ती मला म्हणाली. ती जात नाही. जवळचं दिसेनासं होतं ते आतलं भिंग ताठरल्यामुळे. कॉर्निया कितीही कोरला तरी तिलाही पुढे चाळिशी लागणारच. आणि साठीच्या आसपास मोतीबिंदू झाला, तर नव्या भिंगाचं गणित करणाऱ्या डॉक्टरला कोरण्याआधीचे आकडे लागतील. नुसती कोरलेली वक्रता मोजली तर भिंग चुकण्याचा धोका. म्हणून मॅडमनी फाइल हातात देताना दोनदा बजावलं, हरवू नका. ताईने ती गोदरेजच्या कपाटात ठेवली आहे, आईच्या मोतीबिंदूच्या कागदांखाली. वर पेन्सिलीने लिहिलंय : उजवा 4.5, डावा 4.5, जाडी 545.