मरीआईचा गाडा

माझी आजी तशी कशाला घाबरणारी नव्हती. शेतात साप निघाला तर काठी घेऊन पहिली तीच पुढे. पण रात्री लांबून हलगी ऐकू आली की हातातलं काम टाकून देव्हाऱ्यापुढे जाऊन बसायची. सोलापुरात आमच्या गल्लीतून गणपतीची मिरवणूक जायची तेव्हासुद्धा! आम्ही पोरं हसायचो.

कारण कळलं ते २०२० च्या टाळेबंदीत. गावाकडून फोन आला, की रस्त्यावर बाभळीच्या फांद्या टाकून गाव बंद केलंय. ते ऐकून आजी म्हणाली, "काटं टाकलं ते बरं केलं. आमी तर गाडा ढकलला व्हता."

तर ही त्या गाड्याची गोष्ट.

पटकी, म्हणजे कॉलरा, आपल्याकडे रोग नव्हता, देवी होती. मरीआई. तिचं ठाणं गावाबाहेर, बहुतेक महारवाड्या-मांगवाड्याच्या बाजूला. साथ आली म्हणजे आई कोपली. सकाळी धडधाकट असलेला माणूस संध्याकाळी जुलाब-उलट्यांनी खलास व्हायचा, डोळे खोल जायचे, हातापायांची कातडी सुरकुतायची. कुणाचा नंबर कधी लागेल याचा काही नियम दिसायचा नाही. अशा वेळी गावाला ती कुणाची तरी मर्जी वाटली तर नवल नाही.

मग पोतराज यायचा. वाढवलेले केस, कमरेला चिंध्यांचा घागरा, पायात चाळ, आणि स्वतःच्याच अंगावर ओढलेला कोरडा. रेडा कापला जायचा. तरीही साथ हटली नाही तर शेवटचा उपाय म्हणजे गाडा. छोट्या लाकडी गाड्यात देवीला बसवायचं, हळद-कुंकू, हिरवा चुडा, निवद ठेवायचा आणि हलगीच्या तालावर ओढत शिवेपलीकडे नेऊन सोडायचा. मागे वळून बघायचं नाही.

आता शिवेपलीकडे काय असतं? दुसरं गाव.

आजी तेव्हा आठ-नऊ वर्षांची. स्वातंत्र्याच्या चार-पाच वर्षं आधीची गोष्ट. गावात रोज कुणी ना कुणी जात होतं. गाडा निघाला तेव्हा बायका-पोरांना घरात कोंडलं होतं. दाराच्या फटीतून तिला फक्त टेंभ्यांचा उजेड दिसला, आणि हलगी लांब लांब जाताना ऐकू आली. तिचे वडील गाड्याबरोबर होते. ज्या शिवेवर गाडा सोडला, त्या पलीकडच्या गावात आजीची थोरली बहीण दिली होती. अंगावर पिणारं पोर होतं तिला. पंधरा दिवसांच्या आत ती गेली. माती द्यायलाही कुणाला जाता आलं नाही.

"आबांना ठाऊक न्हवतं व्हय, ताई तिथं हाय ते?" मी विचारलं. आजी काही बोलली नाही.

मी शिकलेली नात. मी तिला समजवायला बसले. लंडनमध्ये जॉन स्नोनं १८५४ मध्येच दाखवलं होतं की कॉलरा पाण्यातून पसरतो. रॉबर्ट कॉखनं १८८४ मध्ये कोलकात्यात त्याचा जंतू ओळखला. हाफकिननं १८९४ मध्ये तिथेच लस टोचायला सुरुवात केली. म्हणजे आजीच्या गावात गाडा निघाला तेव्हा हे सगळं कळून पन्नास वर्षं होत आली होती. आपल्या जिल्ह्यात पंढरपूर. लाखो माणसं एका चंद्रभागेचं पाणी पिणार आणि घरोघर परतणार. वारीच्या दिवसांत साथीची धास्ती सरकारलाही असायची. आजीलाही आठवत होतं, वारीआधी दंडात सुई टोचून घ्यावी लागायची.

साथ गावोगाव चालत जाते हे जुन्या लोकांनी अगदी बरोबर ओळखलं होतं. फक्त ती गाड्यात बसून जात नव्हती. दोन्ही गावांना ओढा एकच होता, आमचं गाव वर आणि ते खाली. मी म्हटलं, "आजी, गाड्यानं काही झालं नाही. ओढ्याच्या पाण्यानं झालं."

ती म्हणाली, "वढा काय ठरवून व्हात न्हाई, पोरी. आमी ठरवून ढकलला."

यावर मला काही सुचलं नाही. अजूनही सुचत नाही.

आणखी एक गोष्ट नंतर लक्षात आली. गाडा ओढायचं, रेड्याचं, पोतराजाचं काम कुणाकडे होतं? ज्यांना एरवी गावात पाऊल टाकायची चोरी, त्यांच्याकडे. बेबीताई कांबळे यांच्या 'जिणं आमुचं'मध्ये महारवाड्यातले आषाढाचे दिवस, अंगात येणं, थोरला मुलगा पोतराज म्हणून देवीला वाहणं, हे सगळं आतून लिहिलेलं आहे. गावानं आपलं भय आधी वेशीबाहेरच्या माणसांच्या डोक्यावर दिलं आणि मग शेजारच्या गावाच्या. १९५६ च्या धर्मांतरानंतर अनेकांनी ते ओझं खाली टाकलं. गाडगेबाबा तर जन्मभर कीर्तनातून देवापुढे मुकं जनावर कापू नका म्हणून सांगत फिरले.

२०२० मध्येच बार्शीतल्या एका पारधी वस्तीत 'कोरोना देवी' मांडल्याची बातमी आली. पुष्कळ लोक हसले. मला हसू आलं नाही. त्या देवीला निदान घरात जागा दिली होती, दुसऱ्याच्या दारात सोडलं नव्हतं.

आजी आता नाही. मागच्या आषाढात मी गावी गेले होते. मरीआईच्या देवळाला फरश्या बसल्यात. बायका दहीभाताचा निवद दाखवून घरी जात होत्या. मी मोटारसायकलवर त्या दुसऱ्या गावी जाऊन आले. सात मिनिटं लागली. तिथल्या मरीआईलाही एक नारळ ठेवला. माझा विश्वास आहे म्हणून नाही... आबा दर आषाढात तिथे निवद पाठवायचे, असं आजीनं जाता जाता सांगितलं होतं, म्हणून.

असो.