गिनी पिगचे आजार : अन्न सोडणे हीच धोक्याची पहिली सूचना

दक्षिण अमेरिकेतील अँडीज पर्वतप्रदेशातून जगभर पसरलेला गिनी पिग आता भारतीय शहरांतील घरांतही पाळला जातो. शिकारी प्राण्यांचे भक्ष्य असलेला हा जीव आजार लपवतो. त्यामुळे लक्षणे दिसतात, तेव्हा दुखणे बरेचदा बळावलेले असते. दिवसभरात त्याने काहीच खाल्ले नाही किंवा लेंड्या पडल्या नाहीत, तर त्याच दिवशी पशुवैद्यकाकडे नेणे आवश्यक ठरते.

‘क’ जीवनसत्त्वाचा अभाव : माणसाप्रमाणेच गिनी पिगचे शरीरही हे जीवनसत्त्व तयार करू शकत नाही. १९०७ मध्ये नॉर्वेतील ॲक्सेल होल्स्ट आणि थिओडोर फ्रोलिश यांनी याच प्राण्यात स्कर्व्ही हा रोग आहारामुळे होत असल्याचे दाखवले. सांधे सुजणे, चालण्यास टाळाटाळ, हिरड्यांतून रक्त येणे, केस राठ होणे ही त्याची लक्षणे आहेत. प्रौढ प्राण्याला शरीराच्या दर किलो वजनामागे रोज सुमारे १० ते २० मिलिग्रॅम, तर गाभण मादीला त्याहून अधिक ‘क’ जीवनसत्त्व लागते. ढोबळी मिरची, कोथिंबीर यांतून ते मिळते. पाण्यात मिसळल्यास मात्र ते लवकर नष्ट होते.

श्वसनसंसर्ग : बोर्डेटेला आणि स्ट्रेप्टोकोकस जिवाणूंमुळे न्यूमोनिया होतो. नाक वाहणे, शिंका, धाप ही त्याची चिन्हे होत. कुत्रे व ससे स्वतः आजारी न दिसताही बोर्डेटेलाचे वाहक असू शकतात. म्हणून त्यांना वेगळे ठेवावे.

त्वचारोग : सूक्ष्म किडींमुळे होणाऱ्या खरजेत खाज इतकी तीव्र असते की कधी झटकेही येतात. बुरशीजन्य गजकर्ण माणसालाही होऊ शकते. त्यामुळे बाधित प्राण्याला हाताळल्यावर, विशेषतः मुलांनी, हात धुणे अत्यावश्यक आहे.

दात व पाय : त्याचे दात आयुष्यभर वाढतात. वाळलेले गवत सतत चघळायला न मिळाल्यास दाढा वाढून खाणे अशक्य होते. तारेच्या जाळीवर किंवा ओल्या बिछान्यावर राहिल्याने तळपायांना जखमा होऊन त्या चिघळतात.

उष्माघात : १८ ते २४ अंश सेल्सिअस तापमान त्याला मानवते. उन्हाळ्यात पिंजरा गच्चीत किंवा बंद बाल्कनीत ठेवणे जीवघेणे ठरू शकते.

घरगुती औषधोपचाराचा धोका : पेनिसिलिन, ॲमॉक्सिसिलिन यांसारखी प्रतिजैविके तोंडावाटे दिल्यास आतड्यातील उपयुक्त जिवाणू मरतात, विषारी द्रव्ये निर्माण करणारे जिवाणू वाढतात आणि काही दिवसांत प्राणी दगावू शकतो. त्यामुळे घरात उरलेले औषध त्याला कधीही देऊ नये.

आठवड्यातून एकदा स्वयंपाकघरातील लहान काट्यावर वजन करून नोंद ठेवावी. घटणारे वजन हे अनेकदा इतर लक्षणांच्या आधीच आजाराची कल्पना देते.