मृतांची तहान आणि मागे उरलेल्यांची भाकर

गिल्गमेश या राजाविषयी सुमेरी भाषेत जी स्वतंत्र काव्ये उपलब्ध आहेत, त्यांपैकी एकाचा उत्तरार्ध जवळजवळ पूर्णपणे प्रश्नोत्तरांचा आहे. गिल्गमेशाचा चेंडू आणि दांडू पाताळात पडतात. ते आणण्यासाठी त्याचा सेवक आणि सखा एन्किडू खाली उतरतो. खाली गेल्यावर स्वच्छ वस्त्रे नेसू नकोस, अंगाला सुगंधी तेल लावू नकोस, पायांत वहाणा घालू नकोस, असे त्याला बजावलेले असते. तो यांतले काहीच पाळत नाही आणि तिथेच अडकतो. पुढे एन्की या देवाच्या कृपेने जमिनीला एक छिद्र पडते, त्यातून एन्किडूची छाया वर येते, आणि गिल्गमेश तिला एकामागून एक प्रश्न विचारू लागतो. ज्याला एक पुत्र होता तो तिथे कसा आहे? ज्याला दोन होते तो? ज्याला सात होते तो?

उत्तरे चढत्या क्रमाने येतात. एक पुत्र असलेला भिंतीतल्या खुंटीपाशी रडतो आहे. दोन पुत्रांचा बाप दोन विटांवर बसून भाकर खातो आहे. सात पुत्रांच्या बापाला देवांच्या पंगतीला स्थान आहे. ज्याच्यामागे कुणीच नाही, त्याची भाकर भाजलेल्या विटेसारखी आहे. जन्मतःच गेलेली बालके मात्र सोन्यारुप्याच्या चौरंगाशी मध आणि तूप खात खेळत आहेत. हे काव्य आज जे वाचता येते ते प्रामुख्याने इ. स. पूर्व अठराव्या शतकाच्या आसपासच्या मृत्तिकापटांवरून. या उत्तरार्धाचे अक्कादी भाषांतर पुढे गिल्गमेश महाकाव्याचा बारावा पट म्हणून जोडले गेले.

या प्रश्नमालिकेत एक गोष्ट लक्षणीय आहे. मेलेला माणूस सज्जन होता की दुर्जन, हे गिल्गमेश विचारत नाही. त्याला कळून घ्यायचे आहे ते एवढेच की, मागे कोण उरले आहे. स्वर्ग आणि नरक यांची पापपुण्यानुसार होणारी विभागणी आपल्या ओळखीची आहे. सुमेरी परलोकात ती मुख्यतः नाही. तिथे सारेच अंधारात असतात. कोण किती सुखात, हे वरच्या जगातून येणाऱ्या अन्नपाण्यावर ठरते. मृत राजांना तर्पण करण्याच्या जागेला सुमेरी भाषेत ‘कि-अ-नग’ म्हणत. तिचा अर्थच मुळी पाणी पाजण्याची जागा. पुढच्या काळात हाच विधी ‘किस्पु’ या अक्कादी नावाने घरोघर चाले. मृतांना पुष्कळदा घराच्या जमिनीखालीच पुरीत आणि पुरलेल्या नळीतून त्यांना पाणी पोहोचवीत. मृत्यू हा तिथे विच्छेद नव्हता, एका दीर्घ जबाबदारीचा आरंभ होता.

मराठी वाचकाला हे सारे परके वाटू नये. पुणे जिल्ह्यातील इनामगाव येथे डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केले. तिथल्या ताम्रपाषाणयुगीन वस्तीत तोंडाला तोंड लावून ठेवलेल्या दोन रांजणांत बालकांचे दफन घराच्याच जमिनीखाली केलेले आढळले. प्रौढांचे पाय घोट्याखाली तोडलेले होते. मृताने घर सोडून जाऊ नये, ही त्यामागची इच्छा असावी असे अभ्यासकांनी मानले आहे. आपल्या विदर्भात नागपूरजवळच्या माहुरझरीची शिळावर्तुळे आहेत. तिथे मृतासोबत मातीची भांडी, लोखंडी अवजारे आणि तांब्याच्या अलंकारांसह घोडाही पुरलेला सापडला. लिखित शब्द यांपैकी कुठेच नाही. पण मेल्यानंतरही माणसाला काहीतरी लागते, ही समजूत त्या मातीत स्पष्ट दिसते.

लिखित परंपरेकडे वळलो तर साम्य अधिकच ठळक होते. महाभारताच्या आदिपर्वात जरत्कारू ऋषीला आपले पितर एका खड्ड्यात उलटे लटकलेले दिसतात. ज्या गवताच्या बुंध्याला ते धरून आहेत, तो उंदीर कुरतडतो आहे, कारण जरत्कारूने विवाह केलेला नाही. गीतेच्या पहिल्या अध्यायात अर्जुनाला जी भीती वाटते, तीत पिंड आणि पाणी खंडल्याने पितरांचे पतन होईल हीही एक आहे. आणि ग्रंथ बाजूला ठेवले तरी वऱ्हाड-खानदेशात वैशाखाच्या उन्हात अक्षय्य तृतीयेला पितरांच्या नावाने पाण्याचा घडा भरून ठेवतातच. उन्हाने होरपळणाऱ्या दोन प्रदेशांनी मृतांची पहिली गरज तहान ही मानावी, यात नवल नाही.

येथे तौलनिक अभ्यासातील एक पथ्य सांभाळले पाहिजे. साम्य म्हणजे प्रभाव नव्हे. सिंधू संस्कृतीचे कार्नेलियनचे मणी उरच्या राजथडग्यांत सापडले, हे खरे. पण मण्यांबरोबर परलोकाची कल्पनाही गेली अथवा आली, असे म्हणायला त्यातून आधार मिळत नाही. शिवाय भेदही मोठा आहे. आगीत जळून मेलेल्याची छाया एन्किडूला पाताळात दिसतच नाही. तिचा धूर आकाशात गेलेला असतो. सुमेरी दृष्टीने जळणे म्हणजे परलोकही गमावणे. आपल्याकडे बहुसंख्यांचा परलोकप्रवास चितेवरून सुरू होतो. तेव्हा आपण येथे उसनवारी शोधत नसून एकच प्रश्न दोन ठिकाणी कसा विचारला गेला, हे पाहत आहोत. तो प्रश्न असा: मृत हे जिवंतांवर अवलंबून असतील, तर त्या अवलंबनाचे ओझे कोण वाहते?

सुमेरी काव्यांतील उतरणीची दुसरी मोठी कथा इनान्ना देवीची आहे. सात दारांवर एकेक अलंकार आणि वस्त्र उतरवीत ती आपल्या बहिणीच्या, एरेश्कीगलच्या, राज्यात पोहोचते आणि तिथे प्रेत होऊन खुंटीला टांगली जाते. तिची सुटका होते, पण एका अटीवर: तिच्या जागी कुणीतरी द्यावे लागेल. यमदूत तिच्यासोबत वर येतात. जे जे तिच्यासाठी धुळीत लोळून शोक करीत आहेत, त्यांना ती नेऊ देत नाही. पती दुमुझी मात्र उंची वस्त्रे नेसून सिंहासनावर बसलेला दिसतो. ती त्याच्याकडे बोट दाखवते. पुढे दुमुझीची बहीण गेश्तीनान्ना अर्धे वर्ष त्याच्याऐवजी पाताळात राहण्याचे पत्करते.

ही कथा वाचताना सावित्री आठवणे अपरिहार्य आहे, कारण ती या कथेचे नेमके उलटे रूप आहे. इनान्ना पतीला देऊन स्वतः सुटते. सावित्री यमामागे चालत जाऊन पतीला सोडवून आणते. आणि भारतीय चित्रपटाचा आरंभ याच परिसरात झाला, ही गोष्ट पुरेशी ध्यानात घेतली जात नाही. दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ या १९१३ सालच्या चित्रपटाच्या कथेचा कळस स्मशानात आहे. तारामती मुलाचे प्रेत घेऊन येते आणि तिचाच पती तिच्याकडे स्मशानाचा कर मागतो. पुढच्याच वर्षी, १९१४ मध्ये, फाळक्यांनी ‘सत्यवान सावित्री’ केला. मृत्यूच्या दाराशी उभी असलेली स्त्री ही आपल्या पडद्याची अगदी प्रारंभापासूनची प्रतिमा आहे.

एन्किडूच्या उतरणीशी मात्र उमेश विनायक कुलकर्णी यांच्या ‘विहीर’चे (२००९) नाते अधिक जवळचे. दोन मावसभाऊ की दोन मित्र असा भेद उरू नये इतके जवळचे समीर आणि नचिकेत. त्यांतला नचिकेत विहिरीत जातो आणि समीर त्याला शोधत राहतो. कठोपनिषदातला नचिकेता यमाच्या दारी तीन रात्री थांबून प्रश्न विचारतो आणि उत्तर घेऊन परततो. चित्रपटातला नचिकेत परतत नाही. प्रश्न विचारायचे काम वर राहिलेल्या समीरच्या वाट्याला येते, गिल्गमेशाच्या वाट्याला आले तसेच.

पण अवलंबनाच्या ओझ्याचा प्रश्न खऱ्या अर्थाने उभा राहतो तो महेश मांजरेकर यांच्या ‘काकस्पर्श’मध्ये (२०१२). उषा दातार यांच्या कथेवरील या चित्रपटात धाकट्या भावाच्या पिंडाला कावळा शिवत नाही. थोरला भाऊ हरी पिंडाजवळ जाऊन काहीतरी पुटपुटतो आणि कावळा शिवतो. मृताची इच्छा पुरी झाली, असे जमलेले लोक समजतात. हरीने दिलेले वचन असते ते मागे उरलेल्या बालविधवेविषयी: उमेला परपुरुषाचा स्पर्श होऊ देणार नाही. मृताची भूक भागते. पण घास जातो तो उमेच्या आयुष्याचा, आणि तिला कुणी विचारलेले नसते. पिंडदानाच्या विधीत मृत आणि दाता हे दोघेच दिसतात. या चित्रपटाने तिसरी व्यक्ती दाखवली.

अशी तिसरी व्यक्ती सुमेरमध्येही होती. लिओनार्ड वुली यांनी १९२२ ते १९३४ या काळात उर येथे उत्खनन केले. इ. स. पूर्व २६०० ते २५०० च्या सुमाराच्या एका मोठ्या मृत्युगर्तेत त्यांना ७४ सांगाडे मिळाले. त्यांतले ६८ स्त्रियांचे असल्याची त्यांची नोंद आहे. या सर्वांनी शांतपणे विष घेऊन धन्याची सोबत केली, असा वुलींचा तर्क होता. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात तिथल्या राजथडग्यांतील दोन कवट्या तपासल्या गेल्या, आणि दोन्हींवर अणकुचीदार हत्याराच्या आघाताच्या खुणा निघाल्या. स्वेच्छेच्या कथेखाली काय दडलेले असते, हे समजण्यास सतीच्या इतिहासाशी परिचित वाचकाला अधिक स्पष्टीकरण नको.

या पार्श्वभूमीवर सतीश मनवर यांचा ‘गाभ्रीचा पाऊस’ (२००९) पाहावा. गावातल्या एका शेतकऱ्याने आत्महत्या केल्यावर अलका आपल्या नवऱ्यावर, किसनावर, पाळत ठेवू लागते. तो नजरेआड होऊ नये म्हणून मुलाला त्याच्यामागे पाठवते, घरात नसताना गोडधोड करते. ही वऱ्हाडातली सावित्री आहे. फरक एवढाच की, यम कोणत्या दिशेने येणार हे तिला माहीत नाही, आणि त्याच्याशी वाद घालण्याची सोयही नाही. तिचे सारे शहाणपण मृत्यूच्या अलीकडे खर्ची पडते.

मृत्यूच्या पलीकडे काय होते, हे यवतमाळ जिल्ह्यात वेगळे सांगावे लागत नाही. इथे शेतकऱ्याच्या मृत्यूनंतर शासकीय चौकशी बसते. सातबारा कोणाच्या नावावर होता, कर्ज कोणत्या बँकेचे होते, वसुलीचा तगादा होता काय, असे प्रश्न विचारले जातात आणि मृत्यू ‘पात्र’ किंवा ‘अपात्र’ ठरतो. गिल्गमेशाच्या प्रश्नावलीशी याची तुलना केली तर तीत अतिशयोक्ती नाही. दोन्हीकडे माणूस कसा होता हे गैरलागू आहे. मागे काय नोंदलेले आहे, त्यावर भाकर ठरते. भेद इतकाच की, सुमेरी भाकर मृताच्या पुढ्यात जात होती. येथे ती मागे राहिलेल्या बाईच्या आणि मुलांच्या ताटातली आहे.

म्हणूनच श्याम पेठकर यांनी लिहिलेल्या आणि हरिश इथापे यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘तेरवं’ या नाटकाचे महत्त्व केवळ सामाजिक नाही, वाङ्मयीनही आहे. तेरवं म्हणजे तेराव्या दिवसाचा विधी. गावजेवण घालून मृताला निरोप देण्याचा दिवस. या नाटकात भूमिका करणाऱ्या स्त्रिया स्वतःच शेतकऱ्यांच्या विधवा होत्या. ज्या विधीत त्यांना कोपऱ्यात बसवले जाते, त्या विधीचे नाव घेऊन त्या रंगमंचाच्या मध्यभागी आल्या. इथापे यांनीच दिग्दर्शित केलेला याच नावाचा चित्रपट २०२४ साली आला. या नाटकात काम केलेल्या, कळंब तालुक्यातील वैशाली येडे यांच्या हस्ते जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळच्या ९२व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे उद्घाटन झाले. आपला पुनर्जन्मावर विश्वास नाही, याच जन्मात जगायचे आणि लढायचे आहे, असे त्यांनी त्या व्यासपीठावरून सांगितले. परलोकाविषयी मराठीत पुष्कळ लिहिले गेले आहे. पण परलोकाचे ओझे जिने वाहिले, तिने तो नाकारल्याचे इतके स्पष्ट उच्चारण विरळाच.

येथे त्या सुमेरी काव्याच्या आरंभीचा एक तपशील मुद्दाम नोंदवायला हवा. पुष्कळदा तो वाचनातून निसटतो. गिल्गमेशाचा चेंडू पाताळात पडला कसा? तो राजा गावच्या चौकात विधवांच्या मुलांच्या पाठीवर बसून दिवसभर खेळत होता. ती मुले कण्हत होती. संध्याकाळी खेळ थांबला, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा सुरू होताच विधवांच्या गाऱ्हाण्यामुळे आणि मुलींच्या आक्रोशामुळे चेंडूदांडू पाताळाच्या तळाशी गेले. म्हणजे ज्या छिद्रातून पुढे परलोकाची सारी वार्ता वर आली, त्या कथेच्या मुळाशी विधवांची तक्रार होती. पुढे राजा विचारतो पुत्रांविषयी. मुले न झालेल्या स्त्रीचा उल्लेख येतो, तोही टाकून दिलेल्या भांड्याच्या उपमेने. गाऱ्हाणे घातलेल्या विधवांचे काय झाले, हे काव्य सांगत नाही. राजाने विचारलेही नाही.

साहित्याच्या विद्यार्थ्याने परलोककल्पनांचा अभ्यास करावा तो या न विचारलेल्या प्रश्नासाठी. कोणत्याही संस्कृतीच्या पाताळाचा नकाशा वाचताना त्यात कोण कुठे बसले आहे हे तर पाहावेच. त्यांच्यासाठी वर पाणी कोण भरत होते, आणि ते भरताना तिच्या स्वतःच्या घरात पाणी होते काय, हेही विचारावे.